खोबऱ्या पेटीत कसा शिरतो

आमच्या बोईसरच्या घरात रोज सकाळी सव्वासहाला बॉलपेनाचा आवाज येतो. टिक. थोड्या वेळाने पुन्हा टिक. शेजाऱ्यांना वाटत असेल, कुणीतरी पहाटेच अभ्यासाला बसलंय आणि पहिल्याच प्रश्नाला अडलंय. प्रत्यक्षात बाहेरच्या खोलीत सतरंजीवर माझी पुतणी मांडी घालून बसलेली असते. डाव्या हातात पेन, उजव्या मुठीत कोथिंबिरीच्या काड्यांचे नखाएवढे तुकडे, आणि समोर दोन किलोंचा, लाल डोळ्यांचा पांढरा ससा. नाव खोबऱ्या.

हा उद्योग सुरू झाला तो एका फजितीतून. खोबऱ्याच्या दातांची तक्रार होती. सशाचे दात जन्मभर वाढत राहतात. गवत चावून झिजले नाहीत तर वाकडेतिकडे होतात. पण ते बघणारा डॉक्टर आमच्याकडे कोपऱ्याकोपऱ्यावर नाही. गाईम्हशींचे आहेत, कुत्र्यांचे आहेत. ससा म्हटलं की विरारच्या पलीकडचा पत्ता मिळतो. निघायच्या दिवशी त्याला पेटीत घालायला गेलो, तर हा पलंगाखाली. एका बाजूने मी, दुसऱ्या बाजूने पुतणी, तिसऱ्या बाजूने केरसुणी घेऊन वहिनी. पाऊण तासाने टॉवेल टाकून धरला, पेटीत कोंबला आणि निघालो. डॉक्टरांनी पेटीत नुसतं डोकावून पाहिलं. छाती भात्यासारखी उडत होती, कान पाठीला चिकटलेले, पोट तळाला टेकलेलं. "आज याला हात लावत नाही," ते म्हणाले. "आधी पेटीत बसायला शिकवा, मग आणा."

ससेहोलपट हा शब्द मी वर्षानुवर्षं स्वतःबद्दल वापरत आलो होतो. त्याचा मूळ अर्थ त्या दिवशी पलंगाखाली पाहिला.

शिकवण्याआधी समोर कोण बसलंय ते ओळखावं लागतं. मराठीत एका नावाखाली आपण दोन प्राणी बसवलेत. मनोर-विक्रमगडच्या रस्त्याला रात्री गाडीच्या उजेडातून जो भुरा, लांब टांगांचा ससा निसटतो, तो इथला रानससा. तो बिळात राहत नाही, आणि त्याची पिल्लं उघड्या डोळ्यांनी, अंगावर केस घेऊनच जन्मतात. त्याला १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं संरक्षण आहे. घरी आणून पाळता येत नाही. बाजारात मिळतो तो दुसरा. त्याचे पूर्वज स्पेन-फ्रान्सकडचे, बिळं खणून गोतावळ्याने राहणारे. त्याची पिल्लं उघडीनागडी, डोळे मिटलेली जन्मतात, कारण ती बिळाच्या भरवशावर असतात.

हा फरक पेटीच्या कामात फार उपयोगी पडतो. बिळात राहणाऱ्याला अंधारी, एका तोंडाची, अंग घासेल इतकी अरुंद जागा आवडते. म्हणजे पेटीशी खोबऱ्याचं वैर असायचं कारणच नव्हतं. वैर होतं ते वरून येणाऱ्या हाताशी. सशाच्या वंशात वरून आजवर जे आलं, ते पंजाच घेऊन आलं. शिवाय उचलल्यावर जमीन सुटते, आणि जमीन सुटलेला ससा म्हणजे कुणाच्या तरी तोंडात गेलेला ससा. म्हणून तो मागच्या पायांनी जिवाच्या आकांताने लाथा मारतो. त्याची हाडं हलकी आणि मागचे स्नायू दांडगे, त्यामुळे अशा झटापटीत त्याचाच कणा मोडू शकतो. कानाला धरून उचलणं तर सोडाच. आणि पाठीवर निजवल्यावर ससा गप्प पडतो, ते बघून "बघा कसा शांत झोपलाय" म्हणणाऱ्यांना हात जोडून सांगावंसं वाटतं, तो झोपलेला नाही, मेल्याचं सोंग घेऊन पडलाय.

कुत्र्याला दटावलं तर ते शेपूट घालतं आणि थोड्या वेळाने लाडात येतं. त्याचे पूर्वज माणसाबरोबर शिकारीला गेलेले. ससा आपल्या ताटातला, आपल्या पंगतीतला नव्हे. त्याच्यावर ओरडलं तर आपण कशाबद्दल ओरडलो हे त्याला कळत नाही. हा माणूस धोक्याचा आहे एवढंच कळतं, आणि ते मात्र विसरत नाही. त्यामुळे सशाच्या शाळेत छडी नाहीच. उरतं फक्त बक्षीस. आणि बक्षीस नको असेल तर पाठ फिरवून निघून जायची त्याला पूर्ण मुभा. ही मुभा खरी ठेवली तरच पुढचं सगळं चालतं.

आता बक्षीस कसलं? पुतणीने पहिल्याच दिवशी गाजर आणलं. पुढाऱ्यांनी गाजर दाखवणं एवढं बदनाम केलं नसतं तरी मी ते बाजूला ठेवलं असतं. गाजर सशाच्या मानाने मिठाई आहे. सशाच्या पोटात अन्न आंबवणारे जंतू असतात, त्यांच्यावर त्याचं सगळं पचन चालतं. गोड आणि पिठूळ जास्त झालं की तो कारखाना बिघडतो. बिस्कीट, पाव, चिवडा तर मुळीच नको. कांदा-लसूण, कच्चा बटाटा, चॉकलेट हे विषाच्या रांगेतले. घोलवडचा चिकू आमच्याकडे हंगामात घरोघरी असतो, त्याला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकनही मिळालं, पण तो आम्हीच खातो. खोबऱ्याला फळ म्हणजे कधीमधी केळ्याचा तुरीच्या दाण्याएवढा तुकडा.

त्याचं खरं जेवण सुकं गवत. दिवसरात्र, हवं तेवढं. आणि इथे पालघरकरांची चैन आहे. मनोर-वाड्याकडचं गवत मुंबईच्या तबेल्यांना पिढ्यानपिढ्या जात आलंय. पाऊस सरला की कापणी, मग गाठी, मग वखारी. मी पहिल्यांदा एका वखारीत गेलो तेव्हा माणसाने वही उघडून विचारलं, "किती जनावरं?" म्हटलं, "एक ससा." त्याने वही मिटली, हसत गाठीतून दोन कवळ्या गवत ओढून दिलं आणि पैसे घेतले नाहीत. पावसाळ्यात मात्र हेच गवत सांभाळावं लागतं. दोन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडणाऱ्या आमच्या पट्ट्यात ओल कुठूनही शिरते, आणि बुरशी आलेलं गवत सशाला देणं म्हणजे आजार विकत घेणं. वास घेऊन बघायचं. कुबट आला की फेकायचं.

गवताचा मुद्दा लांबवला, कारण बक्षिसाने शिकवायचं म्हटलं की कुणीतरी हमखास सुचवतं, आधी जरा उपाशी ठेवा. सशाला उपाशी ठेवायचं नाही. त्याचं आतडं सतत चालू राहावं लागतं. दहा-बारा तास काही खाल्लं नाही, लेंड्या थांबल्या, तर तो रुसलेला नसतो, मरणाच्या वाटेवर असतो, आणि डॉक्टर गाठावा लागतो. म्हणजे बक्षीस असं हवं, की गवताने पोट भरलेलं असतानाही जीभ चाळवेल. ते शोधायची युक्ती साधी. मेथी, पुदिना, कोथिंबीर अशा तीन काड्या ताटलीत मांडायच्या आणि बाजूला बसायचं. पहिली कुठली उचलतो ते चार दिवस पाहायचं. आमच्याकडे कोथिंबीर निर्विवाद जिंकली. स्टेशनबाहेर भाजी विकणाऱ्या मावशी हल्ली जुडीबरोबर तुटक्या काड्याही पिशवीत टाकतात. मग ती काडी रोजच्या खाण्यातून काढून टाकायची. शाळेतच मिळेल, एरवी नाही.

आता पेन. काडी हातात धरून सशाला पेटीकडे ओढत नेणं म्हणजे आमिष. त्याने ससा काडीच्या मागे जातो, आपण काय केलं याचा त्याला पत्ताच नसतो. बक्षीस कृतीनंतर यायला हवं, आणि लगेच यायला हवं. पण ससा पेटीत नाक घालतो तो क्षण आणि आपला हात त्याच्या तोंडापर्यंत पोचतो तो क्षण, यात दोन-तीन सेकंद जातात. तेवढ्यात त्याने मान फिरवली, कान खाजवला, की बक्षीस कान खाजवण्याला मिळतं. म्हणून मधे एक आवाज ठेवायचा, हुंडीसारखा. टिक म्हणजे "हेच, आत्ता केलंस ते, पैसे मागाहून येतायत."

यामागचं शास्त्र जुनं आहे. पाव्हलॉव्हच्या कुत्र्यांची गोष्ट शाळेत सगळ्यांनी वाचलेली असते. पुढे अमेरिकेत बी. एफ. स्किनरने १९५१ मध्ये एका लेखात साध्या माणसांना सांगितलं, की प्राणी शिकवायला खेळण्यातला पत्र्याचा टिकटिक्या पुरतो. लहानपणी जत्रेत आपण पोट दाबून वाजवायचो ना, तसलाच. त्याचे विद्यार्थी केलर आणि मॅरियन ब्रेलँड या जोडप्याने तर प्राणी शिकवण्याचा धंदाच काढला. त्यांचं मला आवडतं ते हे, की १९६१ मध्ये त्यांनी आपल्या फसलेल्या प्रयोगांवर निबंध लिहिला. नाणं गल्ल्यात टाकायला शिकवलेलं डुक्कर नाणं जमिनीत उकरत बसतं. त्याच यादीत एक ओझरता उल्लेख सशांचा आहे: खाण्याच्या यंत्राकडे जायलाच तयार नसलेले ससे. वाचून मला खोबऱ्याचा चेहरा आठवला.

बाजारातला टिकटिक्या सशाच्या कानांना फार कर्कश होतो. बॉलपेन बरं. जिभेने "च्यक" केलं तरी चालतं. आपण नापसंतीला च्यक करतो ते सोडा, सशाला मराठी येत नाही. पण आमच्या घरात आई दिवसातून पन्नास वेळा च्यक करते, प्रत्येकाला कोथिंबीर कुठून देणार? म्हणून पेन. पहिले दोन दिवस त्याच्याकडून काहीच करवून घ्यायचं नाही. टिक, तुकडा. टिक, तुकडा. पंधरा-वीस वेळा, की शाळा सुटली. तिसऱ्या दिवशी टिक झाल्यावर तो कान टवकारून हाताकडे वळला, तेव्हा कळलं, हुंडी वटायला लागली. एक नियम तेव्हाच घातला: टिक झालं की तुकडा द्यायचाच. चुकून वाजलं तरी. उधारी नाही.

तुकडा द्यायचीही रीत आहे. सशाचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना, त्यामुळे त्याला मागचंही दिसतं, पण बरोबर नाकासमोरचं दिसत नाही. त्यात लाल डोळ्यांच्या पांढऱ्या सशांची नजर मुळातच अधू. खोबऱ्या नीट बघायचं असलं की डोकं डावीउजवीकडे झुलवतो. समोरून बोट पुढे केलं तर तो अंदाजाने दात मारतो. "काका, चावला!" ही तक्रार मी दोनदा ऐकली. चावला नव्हता, चुकला होता. तुकडा बाजूने, जमिनीलगत, मिशांना लागेल असा न्यायचा.

पहिला धडा लाकडी चमच्याचा. चमचा नाकाजवळ धरायचा. ससा चौकस, हुंगणारच. नाक लागलं, टिक, तुकडा. मग चमचा वीतभर लांब. मग हातभर. आठवड्याभरात तो चमच्यामागे खोलीभर हिंडायला लागला आणि मग एके ठिकाणी अडला. सतरंजीच्या काठाला येऊन थांबायचा, मान लांब करायचा, परत फिरायचा. पुतणी रडकुंडीला आली, "काका, हा मुद्दाम करतोय." मी लादीवर हात फिरवला आणि माझ्या डोक्यात उजेड पडला. सशाच्या तळव्याला कुत्र्यामांजरासारख्या गाद्या नसतात, केस असतात. गुळगुळीत लादीवर त्याचे पाय घसरतात. आम्ही हट्टीपणा म्हणत होतो तो फरशीचा गुण होता. भाताचं एक रिकामं गोणपाट अंथरलं, दोन मिनिटांत काम झालं.

मग पेटी. खरं कौशल्य इथेच, आणि ते कौशल्य म्हणजे घाई न करणं. पेटीचं दार आणि वरचं झाकण काढून तळाचा भाग नुसता खोलीत ठेवला, आत गोणपाटाचा तुकडा आणि गवत. बोलावलं नाही. दोन दिवस त्याने तिला वळसे घातले. तिसऱ्या दिवशी मान आत घालून गवत ओढलं. टिक. पुढचे पाय आत, टिक. चारही पाय आत यायला आणखी तीन दिवस, आणि ते आले तेव्हा पुतणीने एकदम पाच तुकडे दिले. त्यानंतर एक गंमत करायची: तुकडा पेटीबाहेर टाकायचा. तो खायला बाहेर येतो, आणि पुढच्या तुकड्यासाठी स्वतःहून आत शिरतो. पेटीत जाणं हे त्याचं काम, बाहेर पडणं हाही त्याचाच हक्क.

आत थांबणं शिकवताना सेकंद मोजायचे, पण चढत्या भाजणीने नाही. दोन, पाच, तीन, आठ, एक. दर वेळी अवघडच होत गेलं तर कुणीही शाळा सोडेल. झाकण चढवलं तेव्हा त्याला उलट बरं वाटलं, बीळच झालं ना. घोडं अडलं ते दाराच्या खटक्यापाशी. "खट्" झालं की हा तीरासारखा बाहेर. त्या एका आवाजाने आमचे बारा दिवस खाल्ले. पुतणी पलीकडच्या खोलीत जाऊन दार खटखटवायची, मी इकडे तुकडा द्यायचो. मग उंबऱ्यापाशी. मग चार हातांवर. मग खटक्याला खोबरेल लावून, बोटाने दाबून, आवाज निम्मा करून, जवळ. तेराव्या दिवशी दार लागलं आणि तो आत गवत चावत राहिला. त्यापुढे पेटी बोटभर उचलून ठेवणं, दोन पावलं चालणं, जिन्यापर्यंत जाणं, रिक्षात बसून वळसा घालून येणं. सगळे मिळून पाच आठवडे. पायरी चुकली असं वाटलं की एक मागे यायचं, एवढंच.

मधे खोडे आलेच. दादा तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत पाळीला जातो, त्याच्या पहिल्या पाळीच्या गडबडीत कुकरची शिट्टी झाली की शाळा बंद. कधी लांबून भोंगा वाजतो, आणि खोबऱ्या मागचा पाय जमिनीवर धाडकन आपटतो. ती त्यांच्या बिळातली धोक्याची घंटा. नोव्हेंबर २०१८ पासून डहाणू-तलासरीकडे भूकंपाचे जे धक्के बसत राहिले, त्यांची धास्ती घेतलेली आमची आई खोबऱ्याने पाय आपटला की आधी पंख्याकडे बघते, हलतोय का. आभाळ पडलं म्हणून पळणाऱ्या गोष्टीतल्या सशाला आपण हसतो. पण शंभर वेळा उगाच पळणारा जगतो, एकदा उगाच थांबणारा जगत नाही. पाय आपटला की समजूत काढायची नाही, रागवायचं नाही. गप्प बसून राहायचं. तो नाक पुन्हा हळूहळू हलवायला लागला, की पुढे.

वेळही त्याच्या सोयीची. ससा पहाटे आणि सांजेला जागा असतो, दुपारी आडवा. शिवाय त्याला घाम येत नाही, अंगातली उष्णता तो कानांवाटे सोडतो. आमच्या मे महिन्यातल्या दमट दुपारी त्याला काही शिकवायला जाणं म्हणजे छळ. त्या दिवसांत फडक्यात गुंडाळलेली गोठवलेल्या पाण्याची बाटली शेजारी ठेवायची आणि त्याला त्याच्या मनासारखं लोळू द्यायचं. एरवीही एका बैठकीला तीन मिनिटं, आठ-दहा तुकडे, बस्स.

याच काळात खोबऱ्याने आम्हाला काय शिकवलं तेही सांगायला हवं. पहाटे पाचला तो पिंजऱ्याचे गज दातांनी खडखडवायचा. झोपमोड नको म्हणून दादा उठून त्याला पालेभाजीचं पान द्यायचा. गज, पान. गज, पान. पेन नव्हतं इतकंच, बाकी पद्धत तीच, आणि विद्यार्थी होता दादा. हे लक्षात आल्यावर पान बंद केलं. पहिले चार दिवस खडखडाट दुप्पट झाला. दिवा विझताना मोठा होतो तसं. पाचव्या दिवशी कमी. तेवढ्यात दादाने एकदा दया येऊन पान दिलं, आणि आम्ही पुन्हा शून्यावर. उलट वाईट, कारण आता खोबऱ्याला कळलं होतं की चिकाटी धरावी.

बाकीच्या गोष्टी पेटीच्या मानाने सोप्या. शी-शूची जागा शिकवायची नसते, मांडायची असते: ससा चरता चरता लेंड्या टाकतो, म्हणून पसरट ट्रेमध्ये वर्तमानपत्र घालून गवत तिथेच ठेवलं की निम्मं काम होतं, नसबंदी केलेला ससा उरलेलं निम्मंही करतो. नाव घेतल्यावर येणं हे जेवणाच्या वेळी "खोबऱ्या" म्हणून वाटी ठेवत गेल्याने आपोआप झालं. नखं कापणं अजून जमलेलं नाही. एका बैठकीला एक नख, आणि तेही तो देईल तेव्हा.

दिवाळीनंतर पुन्हा डॉक्टरांकडे गेलो. पेटी उघडी ठेवली, खोबऱ्या आत गेला, दार लागलं, खट्. रस्ताभर तो गवत कुरतडत होता. दवाखान्याच्या बाहेरच्या खोलीत दोन कुत्री आणि एक चिडलेलं मांजर; आम्ही पेटीवर टॉवेल टाकून कोपऱ्यात बसलो. शेजारच्या बाकावरच्या गृहस्थांना कसलासा फॉर्म भरायचा होता. त्यांनी खिशातून पेन काढलं.

टिक.

टॉवेलखाली खुडबुड झाली. जाळीला नाक टेकलं, मिशा बाहेर आल्या. पुतणीने माझ्याकडे पाहिलं, मग पिशवीत हात घालून तळाशी चाचपलं आणि सुकत आलेली एक काडी आत सरकवली. गृहस्थ नावाचा रकाना भरत होते. तेवढ्यात पत्ता आठवेना म्हणून त्यांनी पेन मिटलं. टिक.

"काका," पुतणी कुजबुजली, "अजून एक काडी आहे का?"